तिसरं रीळ

पडद्यावरच्या माणसाची मूठ
समोरच्याच्या जबड्यापासून वीतभर लांब थांबते.
ती उरलेली वीत माझी.
बावीस वर्षं मी तीच भरतो आहे
केसोन सिटीतल्या एका खोलीत.
भिंतींवर अंड्यांचे रिकामे ट्रे ठोकलेले,
पंखा बंद,
कारण पंख्यालाही आवाज असतो.

ठोसा म्हणजे डुकराच्या मांडीवर ओली चप्पल.
घोडा म्हणजे नारळाच्या दोन करवंट्या,
हे तर आता पोरंही ओळखतात.
बरगडी मोडायची तर उसाचं कांडं लागतं.
ऊस मी गावाकडून मागवतो, नेग्रोसहून,
इथल्या उसाला तो कडकपणा नाही.
नायक पडला तर मी गादीवर पडतो,
खलनायक पडला तर फरशीवर.

दिग्दर्शक लिसांद्रो ओरडतो,
"गौदेन्सियो, अजून मोठा!
पुढच्या बाकावरच्या माणसाचे पैसे वसूल झाले पाहिजेत."
मी चप्पल बदलतो, जड घेतो.
पुढच्या बाकावरचा माणूस मला ठाऊक आहे.
दिवसभर दुसऱ्याच्या उसात वाकून
रात्री दीड पेसोत
त्याला एक मुकादम मेलेला बघायचा असतो.
त्याला कमी कसं द्यायचं?

पण तेबानला मारलं तेव्हा
एवढा आवाज झाला नव्हता.

हंगामाचा हिशेब मागितला होता त्याने, बस.
हासिएंदाचे तीन पहारेकरी, वजनकाट्यामागे.
कुडाच्या अलीकडे आम्ही,
मी नऊ वर्षांचा,
आईचा तळहात माझ्या तोंडावर घट्ट.
शेजारच्या खोलीत कुणी
तांदळाचं पोतं खाली ठेवावं,
जरा उचलावं, पुन्हा ठेवावं,
असं काहीतरी.
पहारेकऱ्यांपैकी एक जण खोकला.
मोठा असा आवाज तेवढाच.

बाकोलोदच्या कोर्टात त्यांचा वकील म्हणाला,
"बाई, किंकाळी ऐकलीत? मारल्याचा आवाज?"
आई क्रुसाची शपथ घेऊन उभी.
म्हणाली, "पोतं ठेवल्यासारखं."
मागच्या बाकांवर कुणीतरी हसलं.
कारकुनाने लिहून घेतलं:
साक्षीदाराने काही ऐकलेले नाही.

या सिनेमाच्या तिसऱ्या रिळात
नायक दाराबाहेर सिगरेट पेटवतो.
कुणी कुणाला मारत नाही.
जत्रेचे दिवे, एक कुत्रं, दूरवर बँड.
मिक्सिंगवाला झोपल्यावर, रात्री दोनला,
बँडच्या तळाशी
मी ते पोतं चारदा ठेवलं.
अगदी हळू.
आणि शेवटी एकदा खोकलो.

लिसांद्रोला कळलं नाही.
सेन्सॉरवाल्यांनाही नाही;
त्यांनी एक शिवी कापली
आणि गुडघ्यावरची एक मांडी.

बाकोलोदला सिनेमा लागला तेव्हा आईला नेलं.
तिचे दोन्ही डोळे मोतीबिंदूने गेलेले,
पडदा म्हणजे तिला नुसता हलणारा उजेड.
भोवती शिट्ट्या, शेंगांची टरफलं,
नायकाच्या प्रत्येक ठोशाला खुर्च्या करकरत होत्या.
माझाच माल, पण छाती मलाही फुगल्यासारखी वाटली,
खोटं कशाला बोलू.

मग तिसरं रीळ.
सिगरेट पेटली. बँड.
आणि अंधारात
आईचा तळहात माझ्या तोंडावर आला.
चाळिशीतला मी, मिशीवाला,
श्वास धरून तसाच बसलो,
कुत्रं भुंकून गप्प होईपर्यंत.

पुढे सगळं ठरल्याप्रमाणे झालं.
मुकादम गच्चीवरून पडला, फरशीवर,
मीच पाडला होता.
लोक उभे राहिले, कुणी टोपी उडवली,
एक म्हातारा रडत होता की हसत होता, कळेना.

बाहेर आईने उकडलेल्या शेंगा घेतल्या.
परत आलेली चिल्लर बोटांनी चाचपून
दोनदा मोजली.
जीपनीपाशी पोहोचलो तेव्हा म्हणाली,
"तो खोकला शेवटी नव्हता रे.
दुसऱ्याच्या आणि तिसऱ्याच्या मध्ये होता."